जस्ट जॅकिनचे पिच्चर: एका फोटोवाल्याचा माल, दुसऱ्या फोटोवाल्याने तपासलेला

आधीच सांगून टाकतो, म्हणजे ज्यांना लांबलचक वाचायचा कंटाळा आहे त्यांनी इथूनच कल्टी मारावी. जस्ट जॅकिन नावाच्या फ्रेंच फोटोग्राफरने काढलेले जे चार पिच्चर मी पाहिले त्यातला १९७४ चा 'इमॅन्युएल' प्रत्येक फोटोवाल्याने एकदा तरी बघावा, १९७५ चा 'स्टोरी ऑफ ओ' फक्त लायटिंगसाठी बघावा, १९८१ चा 'लेडी चॅटर्लीज लव्हर' नाही बघितला तरी काही अडत नाही, आणि १९८४ चा 'ग्वेंडोलिन' तं रात्री झोपच येत नसेल तरच लावा. सगळे अठरा वर्षांच्या वरच्यांसाठी आहेत हे वेगळं सांगायला नको, घरात पोरंसोरं असतील तर डिस्क कपाटाच्या वरच्या खणात.

मी जळगावात लग्नाचे फोटो आणि व्हिडिओ करतो. हल्ली साधा फोटो कोणालाच नको, सगळ्यांना 'सिनेमॅटिक' पाहिजे, मेहरूण तलावावर, पालला, तोरणमाळला, धुळ्याची पार्टी असली की लळिंगच्या किल्ल्यावर, नवरी दुपट्टा उडवत चाललीय आणि नवरा मागून येतोय, गिंबल, ड्रोन, स्लो मोशन, झालं. त्यामुळे मला ह्या जॅकिनमध्ये जो इंटरेस्ट आहे तो लोकांना वाटतो त्या कारणाने नाहीये (म्हणजे फक्त त्या कारणाने नाहीये, खोटं कशाला बोला). फोटो काढणारा माणूस पिच्चर काढायला गेला की नेमका कुठे अडकतो ते मला बघायचं होतं, कारण ह्या धंद्यातले आम्ही सगळे रोज तिथेच अडकतो.

हा माणूस १९४० मध्ये फ्रान्समधल्या विशी गावात जन्मला, कला आणि फोटोग्राफी शिकला, फ्रेंच सैन्यात असताना अल्जेरियात फोटो काढले, मग पॅरिसमध्ये फॅशन मासिकांचे फोटो आणि जाहिराती. तेव्हाच्या फ्रान्समध्ये कमी कपड्यातले देखणे फोटो हा चलनी माल होता आणि ह्याचं त्यात नाव होतं. मोठा पिच्चर मात्र त्याने कधी काढलेला नव्हता. ईव्ह रुसे-रुआर नावाचा प्रोड्युसर त्याच्याकडे 'इमॅन्युएल' कादंबरी घेऊन आला, आणि गंमत म्हणजे प्रोड्युसरचाही तो पहिलाच पिच्चर. हिरॉइन सिल्विया क्रिस्टेल, हॉलंडची, बावीस वर्षांचीही नव्हती, आदल्याच वर्षी मिस टीव्ही युरोप झालेली. म्हणजे सगळे नवखे, आणि ते पडद्यावर दिसतं, चांगल्या अर्थाने पण आणि वाईट अर्थाने पण.

टाइमिंग बघा मात्र. पिच्चर तयार झाला तेव्हा फ्रान्सचं सेन्सॉर सोडायला तयार नव्हतं. १९७४ च्या एप्रिलमध्ये राष्ट्राध्यक्ष पाँपिदू वारले, मे महिन्यात जिस्कार निवडून आले, वारं फिरलं, आणि २६ जूनला पिच्चर थेटरात. नुसत्या फ्रान्समध्ये ८८ लाखांवर तिकिटं गेली. पॅरिसच्या शाँझेलिझे रस्त्यावर एका थेटरात तो दहा वर्षांहून जास्त चालला, टुरिस्ट लोक आयफेल टॉवर बघून झाला की तिथे जायचे. अमेरिकेत कोलंबिया ह्या बड्या कंपनीची एक्स सर्टिफिकेटवाला, म्हणजे फक्त मोठ्यांसाठीचा, पिच्चर लावायची ती पहिलीच वेळ. तोपर्यंत असले पिच्चर म्हणजे कॉलर वर करून, इकडेतिकडे बघत आत शिरायचं काम. आपल्याकडे पण मॉर्निंग शोला तेच चालायचं की, पोस्टरवर नको त्या जागी कागद चिकटवलेला आणि तिकिटाच्या खिडकीवर ओळखीचं कोणी नाही ना ह्याची धास्ती. जॅकिनने काय केलं तं तोच माल फॅशन मासिकाच्या कागदावर छापल्यासारखा गुळगुळीत करून दिला, आणि नवराबायको जोडीने जायला लागले. हा त्याचा खरा पराक्रम. कथा नाही, अभिनय नाही, फिनिशिंग.

आता मालाकडे येऊ. कथा एका ओळीची आहे. फ्रेंच वकिलातीतल्या माणसाची बायको बँकॉकला नवऱ्याकडे जाते, तिथे रिकामटेकड्या गोऱ्या बायका स्विमिंग पूलवर पडलेल्या असतात, नवरा म्हणतो तू मोकळी आहेस, मग एक मैत्रीण, मग दुसरी, मग मारिओ नावाचा म्हातारा येतो जो प्रेमाबद्दल आणि शरीराबद्दल लेक्चर देत सुटतो. बायको अर्ध्यात येऊन बसली होती, पंधराएक मिनिटं बघून म्हणाली, "अहो, हिला सगळे शिकवायलाच बसलेत की, नवरा शिकवतो, मैत्रीण शिकवते, हा थेरडा शिकवतो, हिला काय पाहिजे ते कोणी विचारतंय का?" आणि उठून गेली. मी एवढं सगळं टाइप करतोय पण पिच्चरचं परीक्षण खरं तं तिथेच झालं होतं.

पण फ्रेम. फ्रेमबद्दल बोलू द्या. कॅमेरामन रिशार सुझुकी, आणि मागे उभा जॅकिन. खिडकीचा उजेड एका बाजूने, समोर जाळीचा पडदा किंवा मच्छरदाणी, लेन्सवर डिफ्युजन, त्यामुळे उजेडाच्या कडा विरघळलेल्या, चामडीवर एक डाग दिसत नाही. वेताची ती मोठी गोल पाठीची खुर्ची तं इतकी गाजली की पिच्चर न पाहिलेल्या लोकांनाही खुर्ची माहीत असते, आपल्याकडच्या स्टुडिओत सुद्धा तसली खुर्ची मॅटर्निटी शूटला ठेवतात आणि ती कुठून आली ते ठेवणाऱ्याला ठाऊक नसतं. मी माझ्या असिस्टंटला एकेक फ्रेम थांबवून दाखवली. खिडकी किती डिग्रीवर आहे बघ, सावलीच्या बाजूला त्याने काही भरलंय का बघ, मागची भिंत किती काळी सोडलीय बघ. पॉज केलं की प्रत्येक वेळी मस्त फोटो. कुठेही पॉज करा.

आणि प्ले केलं की मेला.

हे जरा नीट सांगतो कारण मुद्दा हाच आहे. फोटो काढताना आम्ही काय म्हणतो? "ताई, हनुवटी जरा खाली, नजर खिडकीकडे, खांदा सैल, श्वास सोडा, हां… तस्संच." क्लिक. त्या 'तस्संच'नंतर ती ताई काय करते ह्याच्याशी आमचं काही देणंघेणं नसतं. ती नाक खाजवते, पदर सावरते, नवऱ्याला म्हणते किती वेळ लागेल हो अजून. 'इमॅन्युएल'मध्ये तुम्हाला ते 'तस्संच' दिसतं. क्रिस्टेल वळते, मान एका जागी येते, उजेड गालावर बसतो, आणि मग अर्धा सेकंद ती थांबलेली असते, क्लिक व्हायची वाट बघत. क्लिक होत नाही कारण हा पिच्चर आहे. तिला पुढे काय करायचं ते कोणी सांगितलेलं नाही. मग कट. पुढच्या फ्रेममध्ये पुन्हा तेच, वळली, बसली, थांबली, कट. एकदा लक्षात आलं की मग तेवढंच दिसायला लागतं, माझा तं सगळा पिच्चर त्या अर्ध्या सेकंदावर डोळा ठेवून गेला.

प्री-वेडिंगमध्ये हाच रोग आहे म्हणून हसू पण येत नव्हतं. पोरगी धावत येते, मिठी मारते, आणि मग दोघं कॅमेऱ्याकडे बघतात, भाऊ झालं का? आम्ही त्याच्यावर गाणं टाकतो आणि कट मारतो. जॅकिनने पण गाणंच टाकलं. पिएर बाशले नावाच्या संगीतकाराचं, ऐकायला गोड आहे, कानात राहतं. एका ठिकाणी मात्र संगीत किंग क्रिम्सन बँडच्या एका तुकड्याच्या इतकं जवळ गेलं की त्यांच्या रॉबर्ट फ्रिपने दावा ठोकला आणि तडजोड करावी लागली. लग्नाच्या व्हिडिओवर फुकटात हिंदी गाणी लावणाऱ्या आमच्यासारख्यांनी ह्याच्यावर काही न बोललेलं बरं.

डिफ्युजनचं पण एक आहे. सुरुवातीला डोळ्याला बरं वाटतं, मग सकाळ पण धुरकट, दुपार पण धुरकट, बँकॉकचा बाजार पण धुरकट. शेवभाजीत नुसती तर्रीच तर्री आणि शेव बोटाने शोधावी लागते, तसं होऊन बसतं. फोटोत एक इफेक्ट एकदाच बघायचा असतो, दीड तास कोण बघणार.

आता वाईट गोष्ट. शेवटाकडे तो मारिओ तिला अफूच्या अड्ड्यावर नेतो आणि तिथे तिच्यावर जबरदस्ती होते, मारिओ बाजूला उभा, आणि पिच्चरचं म्हणणं असं की हाही तिच्या शिक्षणाचा भाग. पुढे थाई बॉक्सिंगच्या सामन्यात ती बक्षीस. हे सीन पाहून डोकं फिरतं. 'त्या काळात चालायचं' वगैरे मला सांगू नका, १९७४ सालीही जबरदस्ती म्हणजे जबरदस्तीच होती. आणि इथेही तो उजेड तसाच सुंदर, फ्रेम तशीच बसवलेली, हे जास्त खटकलं. काय दाखवतोय त्याप्रमाणे नजर बदलायला पाहिजे ना राव, जाहिरातीतली बाटली आणि ही बाई दोघींना एकच लाइट कसा लावता? थायलंडची माणसं तं ह्याच्या पिच्चरमध्ये नुसता पडदा म्हणून आहेत, नोकर, हमाल, अफूवाले. एकाला नाव नाही. गंमत म्हणजे ज्या कादंबरीवरून हे सगळं आलं ती लिहिणाऱ्या बाई स्वतः थायलंडमध्ये जन्मलेल्या, टोपणनावाने लिहायच्या. असो.

शेवटचा सीन मात्र मला आवडला, खरंच. ती आरशासमोर बसून मेकअप करते. बस एवढंच. बोलणं नाही, कोणी शिकवायला नाही. इथे थांबणं शोभतं कारण आरशासमोर माणूस थांबतोच. पाच मिनिटांचाच पिच्चर असता तं मी ह्याला पाचपैकी पाच दिले असते.

आपल्याकडे अजिंठा आहे त्याचं काय होतं, आपण जळगावातून जेमतेम साठेक किलोमीटर असून पाहुणे आल्याशिवाय जात नाही. जिल्हा तिकडचा असला तरी वाट आपल्याकडून. मी ह्या डिस्का बघितल्यावर मुद्दाम गेलो, पहिल्या नंबरच्या लेण्यात, पद्मपाणीसमोर. फ्लॅश मारायला बंदी आहे आणि ती बरोबरच आहे, अंधारात डोळे सरावायला वेळ लागतो. अंगावर कपडा नावालाच, मान, कंबर, गुडघा तिन्हीकडे वेगळा बाक, पापण्या खाली. आजूबाजूच्या बायका पण तशाच, दागिने जास्त आणि कपडे कमी, आणि शाळेची सहल त्याच्यासमोरून शांत निघून जाते, एकही पोरगं खिदळत नाही. तिथे भिंतीवर काही हलत नाही पण पुढच्या क्षणी तो माणूस मान उचलेल असं वाटतं. चित्रकाराला पुढचं ठाऊक होतं. जॅकिनकडे सेकंदाला चोवीस फ्रेम होत्या आणि तरी त्याला पुढचं ठाऊक नव्हतं.

आणि एक माध्यम सोडून दुसरं धरण्याची गोष्ट निघालीच आहे तं आपल्या भुसावळात एक माणूस पुरलेला आहे, रॉबर्ट गिल. ईस्ट इंडिया कंपनीने १८४४ च्या सुमारास ह्या लष्करी अधिकाऱ्याला अजिंठ्याची चित्रं उतरवायला पाठवलं, वर्षानुवर्षं रंगवलेले कॅनव्हास लंडनला गेले आणि १८६६ च्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत बरेचसे जळाले. तोपर्यंत गड्याने कॅमेरा हातात घेतलेला होता, लेण्यांचे स्टिरिओ फोटो काढले, त्याचं १८६४ मध्ये पुस्तकही झालं. पण त्याने कॅमेऱ्यातून पेंटिंग काढायचा प्रयत्न नाही केला, कॅमेऱ्याला जे जमतं ते करून घेतलं, दगडाची खोली, खांबामागचा खांब. त्याच्या अजिंठ्यातल्या प्रेयसीची, पारोची, गोष्ट सगळ्यांना माहीत असते, हे काम कोणाला माहीत नसतं. १८७९ मध्ये गेला. भुसावळला उतरून थेट वडापाव खाणाऱ्यांनी एकदा त्या कबरीकडेही जाऊन यावं.

दुसरं टोक बघायचं तं चाळीसगावचे केकी मूस. लंडनहून शिकून आलेला पारशी माणूस, स्टेशनजवळच्या बंगल्यात जवळपास पन्नास वर्षं घराबाहेर न पडता राहिला, टेबलावर चार वस्तू मांडून त्यांचे असे फोटो काढायचा की बघणाऱ्याला अख्खा मुलूख दिसावा. १९८९ मध्ये गेले. घरात आता म्युझियम आहे. मूव्ही कॅमेऱ्याच्या भानगडीत न पडता स्टिलमध्येच खोल गेलेला माणूस. जॅकिनला कोणी चाळीसगाव दाखवायला पाहिजे होतं.

हां तर बाकीच्या डिस्का. 'स्टोरी ऑफ ओ' पुढच्याच वर्षी आला. कादंबरी बदनाम, पिच्चर त्याहून, इंग्लंडमध्ये सेन्सॉरने २००० सालापर्यंत पास केला नाही. त्यातली गुलामीची भानगड मला झेपली नाही, बाईने मुकाट्याने सगळं सोसायचं आणि त्याला प्रेम म्हणायचं, तेव्हाच फ्रान्समधल्या बायकांनी ह्याच्यावरून आवाज केला होता आणि त्यांचं काही चुकलं नव्हतं. पण लाइट! कॅमेरामन रोबेर फ्रेस, हाच पुढे १९९२ च्या 'द लव्हर'साठी ऑस्करच्या नॉमिनेशनपर्यंत गेला. जुना वाडा, मेणबत्त्या, काळं लाकूड, त्यात एक उजळ चेहरा. हॉलमध्ये रात्रीचा संगीत-हळदीचा कार्यक्रम शूट करणाऱ्यांनी बघाच, मागचा काळोख काळोखच ठेवायची हिंमत कशी करायची ते कळेल, आपण सगळीकडे एलईडी पॅनल लावून नवरी दुधात बुडवून काढल्यासारखी करतो. आणि इथे तो अर्ध्या सेकंदाचा रोग कमी जाणवतो कारण पात्रांना हुकूमच असतो की गप उभं राहा. फोटोवाल्याच्या सवयीला चालेल अशी गोष्ट सापडली, एवढंच.

मधल्या काळात 'इमॅन्युएल २' निघाला, तो जॅकिनने नाही तं फ्रान्सिस जिआकोबेत्ती नावाच्या दुसऱ्या फोटोग्राफरने काढला, हाच तो ज्याने पिरेली कंपनीचं कॅलेंडर १९७० आणि ७१ ला शूट केलं होतं. हाँगकाँग, बाली. माझ्या चार डिस्कांत नव्हता पण मी पाहिलाय, फ्रेम जॅकिनपेक्षाही चकाचक. पण कॅलेंडरच आहे, जानेवारी, फेब्रुवारी, मार्च. म्हणजे दोष एकट्या जॅकिनचा नाही, फोटोवाल्यांच्या जातीचाच दोष म्हणा. अपवाद पण आहेत हो, स्टॅन्ली क्युब्रिक पण 'लुक' मासिकाचा फोटोग्राफर होता, सतराव्या वर्षी कामाला लागलेला. त्याच्या पिच्चरमध्ये फ्रेम थांबते तेव्हा तुम्हाला घाम फुटतो कारण त्याने ती मुद्दाम थांबवलेली असते.

'लेडी चॅटर्ली'त पुन्हा क्रिस्टेल आणि पुन्हा तेच धुकं, फरक एवढाच की इंग्लंडमध्ये धुकं असतंच. ह्याची खरी गंमत आपल्याकडच्या लोकांना, कारण ह्याच कादंबरीच्या विक्रीवरून मुंबईतल्या एका पुस्तकविक्रेत्याला शिक्षा झाली आणि १९६४ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती कायम केली. मराठीत पण कमी नाही झालं. 'रंभा'च्या १९६२ च्या दिवाळी अंकातल्या एका कथेवरून चंद्रकांत काकोडकरांवर खटला, थेट सुप्रीम कोर्ट, १९६९ मध्ये सुटले. त्याच्या कितीतरी आधी र. धों. कर्वे 'समाजस्वास्थ्य'च्या मुखपृष्ठावर नग्न स्त्रीची चित्रं छापत होते, तेही शांतपणे, शरीरात लाजण्यासारखं काय आहे म्हणून, आणि १९३४ च्या खटल्यात त्यांच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले होते. म्हणजे फ्रान्सने १९७४ मध्ये जे धाडस केलं म्हणून नाचतात त्याच्या चाळीस वर्षं आधी आपला माणूस कोर्टात उभा होता, पदरचे पैसे घालून. जॅकिनने त्यातून पैसा केला, कर्व्यांनी घालवला, हा फरक.

ह्या धंद्यात कोर्ट कधी मागे लागेल सांगता येत नाही हे पण खरं. १९९५ मधली मिलिंद सोमण आणि मधू सप्रेची बुटांची जाहिरात आठवते का, अंगावर अजगर आणि पायात बूट, फोटो प्रबुद्ध दासगुप्तांचा. केस चौदा वर्षं चालली, २००९ मध्ये सगळे सुटले. मग २०१४ मध्ये सुप्रीम कोर्टाने बोरिस बेकरच्या एका फोटोच्या केसमध्ये सांगितलं की नग्न आहे म्हणून लगेच अश्लील होत नाही, एकूण चित्र काय म्हणतंय आणि कशासाठी आहे ते बघा. रवी जाधवांचा 'न्यूड' तरी २०१७ च्या इफ्फी महोत्सवातून ऐनवेळी काढलाच, थेटरात यायला २०१८ उजाडलं. तो पिच्चर मात्र मी जॅकिनच्या चारही डिस्कांच्या वर ठेवीन, कारण त्यात जी बाई चित्रकारांपुढे बसते तिचं 'तस्संच' संपल्यानंतरचं आयुष्य दाखवलंय, पाय आखडतात, घरी पोरगा आहे, पैसे मोजायचे आहेत. जॅकिनला हेच सुचलं नाही.

'ग्वेंडोलिन'बद्दल दोन ओळी पुरे. कॉमिकवरून काढलेला, टॉनी किटेन हिरॉइन, जंगल, भुयार, चामड्याचे पट्टे. माझा दोस्त धुळ्याचा, अहिराणीशिवाय बोलत नाही, तो बघता बघता म्हणे, "भो, ह्या पिच्चरमा कपडा बी नही आनि गोट बी नही, मंग शे तरी काय?" ह्यानंतर जॅकिन मोठ्या पिच्चरच्या वाटेला फारसा गेलाच नाही, शिल्पं करायला लागला, बायकोसोबत पॅरिसमध्ये गॅलरी चालवली, २०२२ च्या सप्टेंबरमध्ये गेला. शिल्पाकडे वळला हे मला फार पटलं, माणसाने शेवटी आपल्याला जमतं तिकडेच जावं, शिल्प क्लिकची वाट बघत नाही.

आता डिस्कबद्दल, कारण पैसे त्याचे मोजलेत. कुठून आली ते विचारू नका, ओळखीतून आली. युरोपची डीव्हीडी असेल तर रीजन २ ची असते (रीजन म्हणजे डिस्क कुठल्या भागातल्या प्लेअरवर चालेल त्याचा नंबर) आणि आपल्याकडचा प्लेअर रीजन ५ चा, ब्लू-रे असेल तर तिकडे बी आणि आपल्याकडे सी, म्हणजे टीव्हीखालच्या डब्यात घातली की 'रीजन एरर' येऊन थोबाड वाकडं. डीव्हीडी कॉम्प्युटरच्या ड्राइव्हला व्हीएलसीवर चालली, ब्लू-रे घेणाऱ्यांनी आधी प्लेअर बघा मग डिस्क. आणखी एक, हे पिच्चर चोवीस फ्रेमवर शूट झालेत आणि PAL ह्या टीव्ही-पद्धतीची डीव्हीडी सेकंदाला पंचवीसने पळवते, त्यामुळे पिच्चर चार टक्के लवकर संपतो आणि आवाज किंचित चढतो. साध्या माणसाला कळणार नाही, पण बाशलेचं गाणं आधी ऐकलेलं असेल तर वरच्या पट्टीत लागलेलं कळतं. 'ग्वेंडोलिन' चार मिनिटं लवकर संपतो हा त्याचा एकमेव फायदा.

'इमॅन्युएल'ची भाषा फ्रेंचच ठेवा. त्याच्यावर इंग्रजी डबिंगचा ट्रॅक आहे, त्यात मारिओ असा बोलतो जसा बँकेतला माणूस केवायसी मागतोय. मूळ आवाज अॅलँ क्युनीचा, म्हातारा कितीही पिळत असला तरी आवाज दमदार आहे. सबटायटल इंग्रजी, मराठीची अपेक्षा ठेवू नका. प्रिंट साफ केलेली आहे, रंग बरे आहेत, फक्त डिफ्युजनमुळे छोट्या स्क्रीनवर सगळंच फोकसच्या बाहेर वाटतं, मोठ्या टीव्हीवर बघा, लाइट बंद करून. मोबाइलवर अजिबात नको.

नव्याने बघायचं असेल तर २०२४ मध्ये ऑद्रे दिवान ह्या बाईने 'इमॅन्युएल' पुन्हा काढलाय, नोएमी मेर्लान हिरॉइन, ह्या वेळी हाँगकाँगचं हॉटेल. कॅमेऱ्यामागे बाई आल्यावर काय बदलतं ते बघायला तो जुन्याच्या पाठोपाठ बघण्यात मजा आहे, थंड आहे मात्र, ज्याला जुन्याची ऊब आवडली तो वैतागेल. माझ्या बायकोला तो पूर्ण बघवला, म्हणून त्याला एक मार्क जास्त.

मार्क पाहिजेत तर घ्या, 'इमॅन्युएल' तीन, त्यातला अडीच उजेडाला आणि अर्धा शेवटच्या आरशाला, 'ओ'ला अडीच, 'चॅटर्ली'ला दीड. 'ग्वेंडोलिन'ला मार्क नाही. पहिल्या तीन डिस्का सध्या पाचोऱ्याला एका फोटोवाल्याकडे आहेत आणि तो परत करायचं नाव काढत नाहीये, चौथी त्याने नेलीच नाही. कोणाला पाहिजे असेल तर दुकानावर या, फुकट देतो, केस एकदम नवी आहे.